विजेचे दिवे विकणारे सुगिहारा



चिउने सुगिहारा हे नाव आपणांस नवे नाही. 1940 च्या उन्हाळ्यात लिथुआनियातील कौनास शहरी या जपानी उपवाणिज्यदूताने तोक्योहून आलेल्या सूचना बाजूस सारून यहुदी निर्वासितांना जपानमार्गे जाण्याचे परवाने दिले. त्यांच्या यादीत 2,139 नावे आहेत. एका परवान्यावर कधी अख्खे कुटुंब निघे, तेव्हा वाचलेली माणसे त्याहून पुष्कळ अधिक. तो महिना सर्वांस ठाऊक आहे. त्यानंतरची चाळीसएक वर्षे मात्र लिहिणारे चार ओळींत उरकतात. मला आज त्यांविषयीच बोलावयाचे आहे.

1947 साली सुगिहारा सहकुटुंब जपानला परतले. त्याच वर्षी परराष्ट्र खात्याने त्यांचा राजीनामा घेतला, आणि त्याच वर्षी त्यांचा सात वर्षांचा मुलगा हारुकी वारला. नोकरकपात असे कारण सांगण्यात आले. घरच्यांना ते कधी पटले नाही. मग पोटासाठी त्यांनी दारोदार हिंडून विजेचे दिवे विकले, मिळेल ते काम केले. रशियन भाषा त्यांना उत्तम अवगत होती. तिच्याच बळावर 1960 मध्ये एका जपानी व्यापारी कंपनीतर्फे ते मॉस्कोला गेले व सुमारे पंधरा वर्षे तेथे एकटे राहिले; पत्नी युकिको व मुले जपानात. याला कोणी त्याग म्हणतात. मी म्हणणार नाही. ती नोकरी होती, आणि घर चालवावयाचे होते.

आपण दिलेले परवाने कामी आले की वाटेतच व्यर्थ गेले, हेही त्यांना नीट कळले नव्हते. वाचलेले लोक त्यांना शोधीत होते. पण परदेशी माणसांना उच्चारावयास सोपे म्हणून ते आपले नाव ‘सेम्पो’ असे सांगत, आणि सरकारी दप्तरात त्या नावाचा कोणी सापडेना. अखेर 1968 साली तोक्योतील इस्रायली वकिलातीतले येहोशुआ निश्री यांनी त्यांना गाठले. निश्री स्वतः कौनासला त्यांच्या दाराशी आलेल्यांपैकीच एक. मधे अठ्ठावीस वर्षे लोटली होती!

1984 मध्ये याद वाशेमने त्यांना ‘राष्ट्रांतील नीतिमान’ म्हणून गौरविले, तेव्हा प्रकृती प्रवासास साथ देत नव्हती. 31 जुलै 1986 रोजी ते निवर्तले. अंत्यविधीस इस्रायलचे राजदूत व परदेशांतील यहुदी मंडळी आली. आपल्या शेजारी कोण राहत होते, हे शेजाऱ्यांना तेव्हा कळले असे सांगतात.