शांता आपटे : बोलपटातील भाषा आणि करार

१९३१ साली 'आलम आरा' प्रदर्शित झाला आणि भारतीय चित्रपटाला वाचा फुटली. मूकपटात नटीची मुद्रा पुरेशी होती. बोलपटाने तिच्याकडे उच्चार मागितला आणि पार्श्वगायनाची पद्धती रूढ होईपर्यंत गळाही मागितला. या स्थित्यंतराचा इतिहास बहुधा कंपन्यांच्या व दिग्दर्शकांच्या नावे लिहिला जातो. शांता आपटे यांची कारकीर्द मात्र तो नटीच्या बाजूने वाचावयास लावते.

'श्यामसुंदर' (१९३२) मधून पडद्यावर आलेल्या या गायिका-नटीला 'प्रभात'च्या 'अमृतमंथन'ने (१९३४) कीर्ती दिली. हा बोलपट मराठी व हिंदी अशा दोन्ही भाषांत निघाला. मराठीचा मुलूख मर्यादित आणि निर्मितीचा खर्च मोठा, हे त्यामागील गणित होय. मध्यप्रांत-वऱ्हाडची तत्कालीन राजधानी जे नागपूर, तेथे तर दोन्ही भाषांचा प्रेक्षक एकाच शहरात होता. पण एकच भाव दोन भाषांत बोलणे दिसते तितके सोपे नव्हे. मराठीतील दंत्य 'च' हिंदीत खटकतो. 'ळ' प्रमाण हिंदीत नाहीच.

'कुंकू' (१९३७, हिंदीत 'दुनिया न माने') हा ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर आधारलेला होता. वृद्धाशी लावून दिलेले लग्न मनाने न स्वीकारणाऱ्या नीरेच्या मुखी लाँगफेलोची इंग्रजी कविताही घातलेली आहे. कथेत ती काहीशी उपरी वाटते; नटीच्या कंठाचे सामर्थ्य मात्र तीतून प्रकट होते.

पडद्यावर नकार देणाऱ्या या नटीने १९३९ साली प्रत्यक्षातही तो दिला. करारासंबंधीच्या वादातून त्यांनी पुण्यात 'प्रभात'च्या प्रवेशद्वाराशी उपोषण केले. पुढील वर्षी त्यांचे 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक निघाले. नटीचे काम म्हणजे श्रम, ही दृष्टी त्यात आहे. त्या काळी नटीविषयीची चर्चा शीलाभोवतीच घोटाळत असे, हे ध्यानी घेता या पुस्तकाची उपेक्षा अनाकलनीय म्हणावी लागते.

कंपनीवाचून नटी टिकेल काय, या प्रश्नाचे उत्तर १९४१ च्या तमिळ 'सावित्री'त मिळाले. त्यासाठी शांता आपटे तमिळ शिकल्या आणि स्वतःचे संवाद स्वतःच बोलल्या. मराठी जिव्हेला 'ळ' परिचित. तमिळचा दुसरा मूर्धन्य ध्वनी मात्र सर्वस्वी नवा. त्यात नारदाची भूमिका एम. एस. सुब्बुलक्ष्मी यांची होती. १९४२ मध्ये त्या लाहोरच्या 'जमीनदार'मध्ये दिसल्या.