एका भाषेपासून ऐंशी भाषांपर्यंत : इथिओपियाच्या भाषा अकादमीची वाटचाल

सन 1972 मध्ये सम्राट हैले सेलासी यांच्या आदेशाने अदिस अबाबात राष्ट्रीय अम्हारिक भाषा अकादमी स्थापन झाली. स्थापनेच्या वेळी तिच्यापुढे एकच भाषा होती. आज हीच संस्था अदिस अबाबा विद्यापीठाचा भाग असून देशातल्या ऐंशीहून अधिक भाषांचा अभ्यास हे तिचे कार्यक्षेत्र आहे. मधल्या काळात तिचे नाव तीनदा बदलले, राजवटी दोनदा उलथल्या, मंत्रालयाचा आधार सुटला. तरीही कोश तयार होत राहिले.

या संस्थेची पाळेमुळे 1972 च्या बरीच मागे जातात. इथिओपियात शतकानुशतके लेखनाची भाषा होती गेएझ. ती बोलण्यातून गेली तरी ऑर्थोडॉक्स चर्चची प्रार्थना आणि ग्रंथ तिच्यातच राहिले. अम्हारिक ही दरबारची आणि सैन्याची बोली. सम्राट तेवोद्रोस दुसरा (1855-1868) याच्या काळात राजाच्या बखरी अम्हारिकमध्ये लिहिल्या जाऊ लागल्या, तेव्हा तिला कागदावर खरा मान मिळाला. 1908 मध्ये आफेवोर्क गेब्रे येसुस यांची पहिली अम्हारिक कादंबरी रोममध्ये छापली गेली. 1921 मध्ये रास तफारी, म्हणजे पुढचे हैले सेलासी, यांनी राजधानीत बर्हानेना सेलाम हा छापखाना काढला आणि भाषा घराघरांत पोहोचण्याची सोय झाली.

कोशकार्याची परंपरा मात्र दरबारात घडली नाही. ती चर्चमधल्या पंडितांनी घडवली. किफ्ले गियोर्गिस यांनी रोममध्ये इटालियन अभ्यासक इग्नात्सिओ ग्विदी यांना अम्हारिकच्या कामात साहाय्य केले. ग्विदींचा अम्हारिक-इटालियन कोश 1901 मध्ये निघाला. किफ्ले गियोर्गिस यांनी स्वतः हाती घेतलेला गेएझचा कोश अपुरा राहिला. तो त्यांचे शिष्य किदाने वोल्ड किफ्ले यांनी जेरुसलेमच्या वास्तव्यात पुढे नेला. 1944 मध्ये किदाने वोल्ड वारले, तेव्हाही तो हस्तलिखितातच होता. गुरूची ही ठेव देस्ता तेक्ले वोल्ड यांनी सांभाळली, पुरी केली आणि 1950 च्या दशकाच्या मध्यास छापून काढली. पुढे 1970 मध्ये देस्तांचा स्वतःचा अम्हारिक कोशही आला. तीन पिढ्या एका कोशावर खपल्या आणि त्यामागे ना अनुदान होते ना कचेरी. अकादमीच्या इमारतीचा पाया कोणी घातला असे विचारले, तर उत्तर या तिघांपाशी येऊन थांबते.

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आणखी एक काम राजधानीपासून दूर चालले होते. लहानपणी गुलाम म्हणून विकला गेलेला आणि मस्सावा बंदरात मुक्त झालेला ओनेसिमोस नेसिब स्वीडिश मिशनमध्ये शिकला आणि त्याने बायबल ओरोमो भाषेत आणले; ते 1899 मध्ये छापले गेले. त्याची सहकारी आस्तेर गन्नो हीदेखील गुलामगिरीतून सुटलेली मुलगी. तिने सुमारे पंधरा हजार ओरोमो शब्द जमवले आणि शेकडो लोककथा, गाणी, कोडी उतरवून घेतली. दोघांनी मिळून तयार केलेले ओरोमो वाचनाचे पुस्तक 1894 मध्ये निघाले. हे काम अकादमीच्या खाती कधीच नोंदले गेले नसेल, पण पुढे तिने ज्या वाटेवर पाऊल टाकले ती वाट आधी या दोघांनी तुडवली होती.

विसाव्या शतकाच्या मध्यास सरकारी धोरण स्पष्ट होते. 1944 च्या मिशनविषयक आदेशाने शिक्षणाची सर्वसाधारण भाषा अम्हारिक ठरवली; स्थानिक भाषा फक्त तोंडी आणि तीही सुरुवातीपुरती. 1955 च्या सुधारित राज्यघटनेने अम्हारिकला अधिकृत भाषा म्हटले. 1963 पासून प्राथमिक शाळांत इंग्रजीची जागा अम्हारिकने घेतली. पाठ्यपुस्तके, कायदे, शासकीय पत्रव्यवहार असा सगळा भार एका भाषेवर आला आणि तिला परिभाषा कमी पडू लागली. या गरजेतून 1972 ची अकादमी जन्मली. अम्हारिकची वाढ, तिचे नियमन, तिच्या साहित्याला उत्तेजन ही उद्दिष्टे ठरली. देशातल्या इतर भाषांना या उद्दिष्टांत जागा नव्हती.

संस्थापकाच्या छत्राखाली अकादमीला जेमतेम दोन वर्षे मिळाली. वोल्लो प्रांतातला दुष्काळ, सैन्यातली धुसफूस, विद्यार्थ्यांचे मोर्चे यांतून 12 सप्टेंबर 1974 रोजी सम्राट पदच्युत झाले. सत्ता दर्ग या लष्करी मंडळाकडे गेली. त्याच वर्षअखेरीस सुमारे साठ हजार विद्यार्थी आणि शिक्षक खेड्यांकडे पाठवले गेले. खेड्यांत बहुसंख्य लोकांना अम्हारिक येत नाही, हे राजधानीतल्या तरुणांना तिथे प्रत्यक्ष दिसले. 1976 च्या जाहीरनाम्यात प्रत्येक राष्ट्रजातीचा स्वतःच्या भाषेचा हक्क मान्य झाला. अकादमीच्या नावातून 'अम्हारिक' गेले आणि 'इथिओपियन भाषा' आल्या.

1979 मध्ये राष्ट्रीय साक्षरता मोहीम सुरू झाली. आरंभी मोजक्या भाषांत असलेली ही मोहीम पुढे पंधरा भाषांत पोहोचली. अम्हारिक, ओरोमो, तिग्रिन्या, सोमाली यांच्याबरोबर सिदामा, हादिया, अफार, कुनामा आणि कंबाटा या भाषांत प्रवेशिका निघाल्या. कंबाटा हे नाव मराठी वाचकाने थांबून वाचावे असे आहे. अहमदनगरच्या निजामशाहीचा कारभार हाकणारा, खडकी वसवणारा मलिक अंबर मूळचा याच भागातला असावा, असे अनेक इतिहासकार मानतात. त्याच्या मुलखातली बोली धुळाक्षरांच्या पुस्तकात यायला विसावे शतक संपत आले होते. या मोहिमेला 1980 मध्ये युनेस्कोचा साक्षरता पुरस्कार मिळाला. दर्गच्या कारकिर्दीतले रक्तपात विसरता येत नाहीत. साक्षरतेचे श्रेयही नाकारता येत नाही.

पंधराही भाषा फिदेल या गेएझ-अम्हारिकच्या लिपीतच लिहायच्या, असा सरकारचा आग्रह होता आणि अडचण तिथेच होती. फिदेलमध्ये तेहतीस मूळ अक्षरे आणि प्रत्येकाची स्वरांनुसार सात रूपे, म्हणजे 231 चिन्हे. एवढी चिन्हे असूनही जोड व्यंजन वेगळे दाखवण्याची सोय रोजच्या लेखनात नाही. अम्हारिकमध्ये 'अले' म्हणजे तो म्हणाला आणि 'अल्ले' म्हणजे तो आहे. कागदावर दोन्ही एकसारखे. वाचणाऱ्याने संदर्भावरून ओळखायचे. ओरोमोत तर ऱ्हस्व आणि दीर्घ मिळून दहा स्वर, आणि त्या भेदावर अर्थ अवलंबून. सात रूपांत ते बसत नाहीत.

उलट काही ठिकाणी अक्षरे जास्तच होती. गेएझमधले वेगवेगळे उच्चार अम्हारिकमध्ये एक झाले, पण अक्षरे तशीच राहिली. 'ह'साठी तीन, 'स'साठी दोन, 'अ'साठी दोन, 'त्स'साठी दोन. सूर्याला 'त्सेहाय' म्हणतात. हा तीन अक्षरी शब्द किमान सहा प्रकारे लिहिता येतो. कोशात तो शोधायचा तर आधी कोणता 'त्स' हे ठरवावे लागते, कारण वर्णक्रमात दोघांची घरे वेगळी. 1981 मध्ये अकादमीने ही जादा अक्षरे गाळण्याचा प्रस्ताव मांडला. चर्चची परंपरा, जुने ग्रंथ, लोकांची सवय हे सगळे विरोधात गेले. आजही दोन्ही पद्धती शेजारी शेजारी चालतात. हा प्रस्ताव म्हणजे अकादमीच्या वाटचालीतली सर्वांत शास्त्रशुद्ध आणि सर्वांत कमी मानली गेलेली सूचना म्हणावी लागेल.

परिभाषेत मात्र यश आले. विज्ञान-तंत्रज्ञानाचा इंग्रजी-अम्हारिक कोश 1980 च्या दशकात हाती घेतला गेला आणि 1996 मध्ये ग्रंथरूपाने आला. नवे शब्द घडवताना पंडितांनी गेएझकडे धाव घेतली, जशी 1960 मध्ये स्थापन झालेल्या आपल्या भाषा संचालनालयाने पदनामे घडवताना संस्कृतकडे घेतली. गंमत अशी की क्रांतीच्या शब्दांनाही हाच न्याय लागला. मार्क्सवादातल्या 'विचारसरणी'साठी रूढ झालेला शब्द चर्चच्या भाषेतून उचलला गेला आणि देवधर्म न मानणाऱ्या सत्ताधाऱ्यांनी तो भाषणांत मुक्तपणे वापरला.

1991 मध्ये दर्ग कोसळले आणि अकादमीपुढचा सर्वांत कठीण काळ सुरू झाला. त्याच वर्षी 3 नोव्हेंबरला राजधानीत ओरोमो विद्वान आणि कार्यकर्त्यांच्या सभेने फिदेल बाजूला ठेवून रोमन लिपी, म्हणजे 'कुबे', स्वीकारली. दीर्घ स्वर दोनदा लिहायचा, जोड व्यंजन दोनदा लिहायचे; वर्षानुवर्षे न सुटलेला प्रश्न सुटला. पाठोपाठ इतर अनेक भाषांनी तीच वाट धरली. अकादमीने फिदेलवर घेतलेली कित्येक वर्षांची मेहनत एका निर्णयाने बाजूला पडली. 1994 च्या शिक्षण धोरणाने प्राथमिक शिक्षण मातृभाषेत आणले. 1995 च्या राज्यघटनेच्या पाचव्या कलमाने सर्व भाषांना समान मान्यता दिली आणि अम्हारिकला संघ सरकारच्या कामकाजाची भाषा ठेवले. भाषेचे निर्णय आता राज्यांकडे गेले होते.

या दशकात संस्थेने मंत्रालय सोडून अदिस अबाबा विद्यापीठात मुक्काम हलवला आणि ती 'इथिओपियन भाषा संशोधन केंद्र' झाली. अधिकार गेला, अभ्यास राहिला. ओरोमो आणि तिग्रिन्या भाषांचे एकभाषिक कोश याच दशकात निघाले. 2001 मध्ये केंद्राचा मोठा अम्हारिक कोश आला; मुखपृष्ठावर त्याचे वर्ष 1993 आहे, कारण इथिओपियाची कालगणना सात-आठ वर्षे मागे चालते. संपादक, नोंदी लिहिणारे, टंकलेखक, अदिस अबाबातले छापखाने यांच्या अनेक वर्षांच्या श्रमातून ही पुस्तके उभी राहिली. त्याआधी 1999 मध्ये युनिकोडने फिदेलला जागा दिली होती, त्यामुळे पुढची कामे संगणकावर करणे सुकर झाले. नंतर 'संस्कृती'ही कार्यक्षेत्रात आली आणि नावात पुन्हा 'अकादमी' परतली.

भाषांची आखणी कचेरीत बसून करता येत नाही, याचा कटू धडा देशाला 1999 मध्ये मिळाला. दक्षिणेत वोलायता, गामो, गोफा आणि दावरो या एकमेकींना जवळच्या चार भाषांची मिसळ करून एकच पाठ्यपुस्तकी भाषा लादण्याचा प्रयत्न प्रशासनाने केला. सोद्दो गावात लोक रस्त्यावर उतरले, माणसे दगावली, पुस्तके मागे घ्यावी लागली. चारही भाषा व्याकरणात एकमेकींच्या शेजारच्या आहेत हे खरे; पण बोलणाऱ्याला आपली भाषा आपलीच लिहिलेली हवी असते.

अल्पज्ञात भाषांकडेही याच काळात लक्ष गेले. 1992 पासून विद्यापीठाच्या इथिओपिया अभ्यास संस्थेने परदेशी भाषाशास्त्रज्ञांच्या सहकार्याने त्यांचे सर्वेक्षण केले. उशीर किती महाग पडतो, याचा दाखला गफात भाषेने आधीच दिला होता. स्कॉटिश प्रवासी जेम्स ब्रूस याने अठराव्या शतकात तिचा मजकूर लिहून घेतला. 1947 मध्ये वुल्फ लेस्लाव तिचा शोध घेत गेले तेव्हा त्यांना ती येणारी चार माणसे सापडली. पुढे ती संपली. आज वेय्तो नदीकाठची ओंगोता त्याच वाटेवर आहे. ती येणारी माणसे बोटांवर मोजावी इतकीच उरली आहेत. अशा भाषांचे ध्वनिमुद्रण आणि शब्दसंग्रह करणे हे विद्यापीठातल्या भाषा-अभ्यासकांचे आजचे सर्वांत निकडीचे काम आहे.

2007 च्या जनगणनेत सुमारे 7 कोटी 38 लाख लोकसंख्येपैकी 33.8 टक्के लोकांची मातृभाषा ओरोमो होती आणि 29.3 टक्क्यांची अम्हारिक. ज्या भाषेसाठी अकादमी उभी राहिली, ती संख्येने देशात दुसरी होती. 2020 च्या सुरुवातीस सरकारने अम्हारिकबरोबर ओरोमो, तिग्रिन्या, सोमाली आणि अफार यांनाही संघाच्या कामकाजाच्या भाषा करण्याचा निर्णय जाहीर केला. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये तिग्राईत युद्ध पेटले आणि अंमलबजावणी रेंगाळली. या पाचांपैकी अम्हारिक आणि तिग्रिन्या फिदेलमध्ये लिहिल्या जातात, उरलेल्या तिन्ही रोमन लिपीत. न्यायालये, कायदे आणि कचेऱ्यांसाठी लागणारी परिभाषा आता दोन लिप्यांत आणि पाच भाषांत तयार करायची आहे. त्या कामासाठी लागणारे कोश, शब्दावल्या आणि अनुभव देशात जिथे साठला आहे, त्या जागांमध्ये या अकादमीचे स्थान पहिले आहे.