‘हरिश्चंद्रा’चा कालनिर्णय

पोथीचा काळ ठरवितांना आपण पुष्पिका पाहतों. चित्रफितीच्या बाबतींत हा विवेक क्वचितच आढळतो. दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ मुंबईस ३ मे १९१३ रोजीं प्रदर्शित झाला. १९१७ सालीं त्यांनींच तें कथानक पुन्हां चित्रित केलें. कर्ता एक व कथा एक, म्हणून घोटाळा. पुण्यांत १९६४ सालीं स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयांतील उपलब्ध अंश दुसऱ्या कृतीचे असावेत, असें कांहीं संशोधकांचें मत आहे. तथापि माहितीपटांतून व दूरचित्रवाणीवर तींच दृश्यें अनेकदां १९१३ चीं म्हणून दाखविलीं जातात. जुनी चित्रफीत साक्षीदार खरी. परंतु साक्ष घेण्यापूर्वीं तिची ओळख पटविली पाहिजे. निदान सन वादग्रस्त आहे, एवढें तरी पडद्यावर नमूद व्हावें.