पडद्यावरचा पाऊस

आज जुन्या सिनेमाच्या घासलेल्या प्रिंटबद्दल बोलू.

१९९७ मध्ये जॉर्ज ल्यूकासने 'स्टार वॉर्स' बदलून पुन्हा आणला आणि १९७७ चं मूळ रूप चांगल्या प्रतीत मिळेनासं झालं. मग चाहत्यांनी थिएटरात चाललेली ३५ मिमी प्रिंट मिळवली, स्कॅन केली आणि '४के७७' तयार केलं. मी पडलो कोडवाला, लगेच हिशोब केला. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे दोन तासांच्या १,७२,८००. ४के स्कॅनची एक फ्रेम ५० एमबी धरा, झाले साडेआठ टीबी! वर आणि खरा पाऊस कुठला नि ओरखडा कुठला, हे सॉफ्टवेअरला दर वेळी कळत नाही. तिथे माणूसच बसवावा लागतो.

आपल्याकडे हे वेड पी. के. नायरांना होतं. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ चं, आणि ते खऱ्या अर्थाने भरलं नायरांनी. फाळक्यांचा 'कालिया मर्दन' (१९१९) बघा. त्यात कृष्ण झालीय त्यांचीच मुलगी मंदाकिनी. नायरांनी फाळके कुटुंबाकडून तुकडे मिळवले आणि फाळक्यांच्याच टिपणांवरून ते जुळवले, म्हणून तो आज बघता येतो. भारतात साधारण १३०० मूकपट बनले. उरलेत ३० च्या आत, तेही बरेचसे तुकड्यांत. कित्येक रिळं तर चांदीसाठी वितळवली गेली.

संग्रहालयात पोचलं म्हणजे सुटलं असंही नाही. जुनी नायट्रेट फिल्म एकदा पेटली की पाण्यानेही विझत नाही. २००३ च्या आगीत तिथली प्रभातची मूळ रिळं गेली. सिनेमे वाचले ते आधी काढलेल्या कॉप्यांमुळे.

आता आपल्या महाड-पोलादपूरकडे या. प्रिंट आधी मुंबई-पुण्यात चालायची. तालुक्याला पोचेस्तोवर ओरखडे, चिकटवलेले सांधे, मधली दोन वाक्यं गुल! जुनी माणसं 'पडद्यावर पाऊस पडायचा' म्हणतात, तो हाच. पण निगेटिव्ह गेली की तीच कॉपी शेवटचा पुरावा ठरू शकते. आणि कोकणातली दमट हवा तिची वैरीण. नंतरची ॲसिटेट फिल्म आंबते, आकसते, व्हिनेगरसारखा वास सोडते आणि शेजारच्या डब्यालाही बिघडवते. त्यात सावित्रीचा पूर; २०२१ ला महाडात पाणी कुठवर चढलं, ते तुम्हाला मी काय सांगू.

तेव्हा कुणाच्या माळ्यावर, बंद टॉकीजच्या खोलीत गंजका डबा दिसला तर झाकणावरचं नाव नि रीळ नंबर लिहून घ्या, फोटो काढा, पुण्याच्या संग्रहालयाला कळवा. चिकटलेली फिल्म ओढून उलगडू नका. प्रोजेक्टरवर तर मुळीच चढवू नका, आणि भंगारवाल्याला 'थांब' म्हणा.