भाटे, रोहिणी

भाटे, रोहिणी : (१४ नोव्हेंबर १९२४ – १० ऑक्टोबर २००८). कथक नर्तकी, गुरू, नृत्यरचनाकार आणि नृत्यविषयक ग्रंथकर्त्या. जन्म पाटणा येथे. शिक्षण व कारकीर्द पुण्यात. फर्ग्युसन महाविद्यालयातून १९४६ मध्ये पदवी घेतली. आरंभी आचार्य पार्वतीकुमार यांच्याकडे भरतनाट्यम् शिकल्या. पुढे जयपूर घराण्याचे सोहनलाल यांच्याकडे कथकची तालीम सुरू झाली. लखनौ घराण्याचे लच्छू महाराज यांचे मार्गदर्शन त्यांना बारा वर्षांहून अधिक काळ मिळाले आणि मोहनराव कल्याणपूरकर यांचे सुमारे पंधरा वर्षे. केशवराव भोळे व वसंतराव देशपांडे यांच्याकडे त्या गाणेही शिकल्या. ठुमरी-भजनाचा भाव दाखवणाऱ्या नर्तकीला सुरांची जाण हवीच.

१९४७ मध्ये त्यांनी पुण्यात ‘नृत्यभारती’ ही संस्था काढली. घरंदाज मुलीने पायांत घुंगरू बांधणे मध्यमवर्गाला सहज पचत नव्हते, असा तो काळ. अशा शहरात त्यांनी कथकच्या विद्यार्थिनींच्या पिढ्या घडवल्या. शमा भाटे व शरदिनी गोळे ही त्यांतील ठळक नावे. कालिदासाचे ऋतुसंहार आणि ऋग्वेदातील उषःसूक्त यांवर त्यांनी नृत्यरचना केल्या.

त्यांच्या लेखनाचे मोल मात्र त्यांच्या नृत्याहून तसूभरही कमी नाही. कथक ही गुरुमुखातून आलेली विद्या. ठाठ, आमद, तोडे, परण, कवित्त हे नृत्याचे सारे घटक पढंतीतून, म्हणजे बोलांच्या पठणातून, कानावर पडायचे आणि रियाजाने अंगात मुरायचे. एखादा उस्ताद गेला की त्याच्याबरोबर कितीतरी बंदिशी आणि त्यांमागचा विचारही जाई. ज्याला नाचता येते त्यानेच हे लिहून ठेवले, तर त्यातले बारकावे हाती लागतात. रोहिणीताईंनी ते काम निष्ठेने केले. नंदिकेश्वराचा अभिनयदर्पण हा संस्कृत ग्रंथ हस्त, शिर, दृष्टी, ग्रीवा यांचे भेद सांगतो. भरतनाट्यमच्या शिक्षणात त्याला मानाचे स्थान होते. कथकच्या वर्गात तो क्वचितच उघडला जाई. त्यांनी या ग्रंथाचे संपादन करून कथकदर्पणदीपिका सिद्ध केली आणि कथकच्या अभ्यासकाला शास्त्राचा आधार दिला. माझी नृत्यसाधना या आत्मकथनात त्यांचा स्वतःचा प्रवास आहे. पायांतले बॅले-बूट काढून अनवाणी नाचणाऱ्या अमेरिकन नर्तकी इसाडोरा डंकन (१८७७–१९२७) यांचे आत्मचरित्रही त्यांनी मी इसाडोरा या नावाने मराठीत आणले. परंपरेत इतक्या खोल रुजलेल्या कलावतीला परंपरा मोडणारी इसाडोरा जवळची वाटली, यात त्यांच्या बुद्धीची मोकळीक दिसते. नृत्याविषयीचे एवढे गंभीर लेखन मराठीत फार थोड्यांनी केले आहे.

खैरागढच्या विद्यापीठातील कथकचा अभ्यासक्रम घडवण्यात त्यांचा वाटा होता. पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रातही त्यांनी अध्यापन केले. संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९७९), कालिदास सन्मान (२००१) आणि अकादमीचे रत्नसदस्यत्व (२००६) हे त्यांना लाभलेले प्रमुख मानसन्मान. पुणे येथे त्यांचे निधन झाले. नृत्यभारतीचे काम त्यांच्या शिष्यांनी पुढे चालू ठेवले.