पायातील बळी आणि दगडावरील नाव

कलिवर्ज्य मानल्या गेलेल्या कृत्यांच्या याद्यांत नरमेधाचा समावेश आहे. कालिकापुराणाच्या रुधिराध्यायात मात्र कोणत्या जिवाच्या रक्ताने देवी किती काळ तृप्त होते याचा तपशीलवार हिशेब मांडलेला आहे आणि त्यात नरबळीला हजार वर्षांचे मोल दिलेले आहे. निषेध आणि विधी एकाच परंपरेत असे शेजारी नांदतात. निषिद्ध रक्तविधी प्रत्यक्षात किती घडला, हा इतिहासकारांचा प्रश्न झाला. तो सांगितला कसा गेला आणि सांगणाऱ्याने रक्त कोणाचे ठरवले, हा प्रश्न साहित्यविचाराच्या कक्षेत येतो.

पुणे जिल्ह्यात या प्रश्नाची एक ठळक संहिता उपलब्ध आहे. पुरंदरच्या शेंदऱ्या बुरुजाची परंपरागत कथा बेदरच्या राजवटीशी जोडली जाते. बुरुज बांधावा आणि तो ढासळावा, असे वारंवार घडू लागले. ज्येष्ठ पुत्र व त्याची पत्नी पायात पुरल्यावाचून काम टिकणार नाही, असा दृष्टान्त राजाला झाला. तेव्हा बहिरनाकाचा मुलगा नाथनाक आणि सून देवकाई यांना जिवंत गाडण्यात आले आणि बुरुज उभा राहिला. कथेला पाठभेद आहेत. ‘नाक’ हा महार नावांना लागणारा प्रत्यय मात्र तिची सामाजिक जागा निश्चित करतो.

तुलनात्मक लोकसाहित्याच्या अभ्यासाला हा कथाबंध अपरिचित नाही. स्काडरच्या तटबंदीचे सर्बियन गीत, तळ्याला पाणी लागावे म्हणून धाकट्या सुनेचा, भागीरथीचा बळी सांगणारे ‘केरेगे हार’ हे कन्नड गीत, ही त्याची प्रसिद्ध रूपे होत. ॲलन डंडीस यांनी 1996 मध्ये या कथाबंधावरील विवेचने एकत्र संपादित केली. परंतु आदिबंधाच्या सार्वत्रिकतेत पुरंदरचे वेगळेपण हरवते. स्काडर व भागीरथी यांच्या कथांत बांधणाऱ्या घरानेच आपली सून दिलेली आहे. पुरंदरला बुरुज एकाचा आणि रक्त दुसऱ्याचे, अशी वाटणी आहे. दृष्टान्त राजाला होतो, पुत्र महाराचा जातो. कथेतील दैवी आज्ञा ही वाटणी झाकून टाकते. बळी देणे हे निष्ठेचे कृत्य ठरते.

हे आवरण दूर करणारे पहिले महत्त्वाचे मराठी लेखन 1855 चे आहे. फुले यांच्या पुण्यातील शाळेत शिकणाऱ्या मुक्ता साळवे या मांग समाजातील सुमारे चौदा वर्षांच्या मुलीने ‘ज्ञानोदया’त प्रसिद्ध झालेल्या आपल्या निबंधात, मांग-महारांना तेल-शेंदूर पाजून इमारतींच्या पायात पुरले जात असल्याचा आरोप केला. या उल्लेखाचे महत्त्व त्याच्या दृष्टिकोनात आहे. येथे दृष्टान्त नाही, देवता नाही आणि बुरुज टिकल्याचे समाधानही नाही. लोककथेत विधीचे साहित्य असलेला शेंदूर निबंधात पुराव्याच्या जागी येतो. कथा तीच राहते. कथनाचा अधिकार पायाखालच्या माणसाकडे जातो.

या संदर्भात कोरेगाव भीमा येथील स्तंभ हीसुद्धा एक संहिता म्हणून वाचता येईल. 1 जानेवारी 1818 च्या लढाईनंतर कंपनी सरकारने उभारलेल्या या स्तंभावर 49 नावे आहेत. त्यांपैकी 22 नावे ‘नाक’ प्रत्ययाची, म्हणजे महार सैनिकांची आहेत. राज्य बदलले तरी पायात गेलेले रक्त तेच होते, असे म्हणता येईल, आणि ते चूक नाही. तरीही फरक उरतोच. नाथनाकाचे नाव बुरुजाच्या कथेपुरते होते. स्तंभावरील नावे दगडावर, दिवसाच्या उजेडात कोरलेली आहेत. कंपनीने ती आपल्या विजयाची खूण म्हणून कोरली. 1 जानेवारी 1927 रोजी डॉ. आंबेडकर तेथे गेले, तेव्हा तीच नावे हक्काच्या मागणीचा आधार झाली. कोरणाऱ्याचा हेतू वाचणाऱ्याला बांधून ठेवीत नाही, हे तत्त्व येथे केवळ सैद्धांतिक राहत नाही.

या उजेडातही एक जागा रिकामी राहते. त्या 49 नावांत देवकाईचे नाव नाही. कथेत ती सून म्हणून येते आणि एक शब्दही न बोलता गाडली जाते. तिच्या संमतीचा प्रश्न राजाला, सासऱ्याला किंवा कथेकऱ्यालाही पडत नाही. ही जागा कल्पित नव्हे. नोव्हेंबर 1972 ते जानेवारी 1974 या काळात परभणी जिल्ह्यातील मानवत येथे झालेल्या, गुप्तधनाच्या लोभाशी व रक्तविधीशी जोडल्या गेलेल्या दहा खुनांत बळी पडल्या त्या प्रामुख्याने मुली आणि स्त्रिया. त्या खटल्याचा निकाल सर्वोच्च न्यायालयाने 1977 मध्ये दिला. नरबळी व जादूटोणा यांविरुद्धचा महाराष्ट्राचा अधिनियम येण्यास 2013 साल उजाडले आणि त्याआधी डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून झाला. अधिनियमाच्या अनुसूचीत गुप्तधनाबरोबर जलस्रोताचाही उल्लेख आहे. म्हणजे भागीरथीच्या तळ्याची कथा विधिमंडळाला गुन्ह्याच्या भाषेत लिहावी लागली.

कलिवर्ज्याने विधी निषिद्ध ठरवला, पण कोणाचे रक्त स्वस्त हे त्याने विचारले नाही. तो प्रश्न मराठीत प्रथम इतक्या स्पष्टपणे लिहिला, तो ज्यांना पायात पुरले जाई त्यांच्यातल्याच एका मुलीने. देवकाईच्या मौनाला उत्तर शोधायचे झाल्यास, ते कोरेगावच्या दगडापेक्षा मुक्ता साळवेच्या कागदावर अधिक जवळ सापडते.