पान लागल्यापासून

हा घटनाक्रम कुणा एका माणसाचा नाही. पावसाळ्यात जमिनीवर अंथरूण टाकून झोपणाऱ्या कुणाच्याही वाट्याला तो येऊ शकतो. वेळा अंदाजाने धरल्या आहेत, क्रम मात्र बहुतेकदा असाच असतो.

रात्री १.३०
मण्यार अंथरुणात शिरलेली. झोपेत हात तिच्यावर पडतो आणि ती चावते. आग होत नाही, घोणस चावल्यावर येते तशी सूजही येत नाही. डास चावला असेल म्हणून माणूस कूस बदलतो. श्वास संथ, मिनिटाला १४. हा ताल मस्तिष्कपुच्छातल्या चेतापेशींचा एक छोटा पुंजका धरतो. प्री-बोट्झिंगर हे त्याचं नाव, आणि १९९१ साली तो ओळखला गेला. तिथला हुकूम मानेतून निघणाऱ्या फ्रेनिक चेतेवाटे श्वासपटलापर्यंत उतरतो. पटल खाली ओढलं जातं, अर्धा लिटर हवा आत येते. जन्मल्यापासून हे असंच चाललेलं, झोपेतसुद्धा.

पहाटे ४.००
पोटात जोराची कळ. घरचे ओवा देतात, रात्रीच्या जेवणाला दोष देतात. मला वाटतं, सगळ्यात मोठं नुकसान याच घटकेला होतं. पावसाळ्यात जमिनीवर झोपलेल्याच्या पोटात पहाटे अचानक दुखू लागलं, तर आधी मण्यारीची शंका घ्यावी, मग अपचनाची.

विष मेंदूत शिरत नाही. ते गाठतं शेवटचं टोक. चेता जिथे संपते आणि स्नायू जिथे सुरू होतो, तिथे केसाहून कितीतरी बारीक फट असते. हुकूम ही फट अॅसिटिलकोलिन या रसायनावर बसून ओलांडतो. मण्यारीच्या विषातलं बीटा-बंगारोटॉक्सिन चेतेच्या टोकातला हा साठा संपवतं आणि टोकच नासवून टाकतं.

५.३०
पापण्या मिटू लागतात. झोप झाली नाही म्हणून असेल, असं सगळ्यांना वाटतं. तेवढ्यात अंथरूण झटकताना लांबडं दिसतं. "पान लागलंय!" कुणी कडुनिंबाचा पाला चावायला देतं, कुणी भगताकडे धाव घेतं. पाऊण तास जातो. प्रतिसर्पविष रक्तात फिरणाऱ्या विषाला धरतं, पण नासलेलं टोक त्याला दुरुस्त करता येत नाही. म्हणून हा पाऊण तास परत मिळत नाही.

६.१५
आवाज नाकात येतो. पाण्याचा घोट गिळवत नाही. उशीवरून मान उचलत नाही. एका दमात आकडे मोजायला सांगितलं तर तो बारावर थांबतो.

६.४०
जीप निघाली. श्वास उथळ झालाय. रक्तात कार्बन डायऑक्साइड साचतो, आम्लता वाढते, आणि मस्तिष्कपुच्छाला ते तत्काळ कळतं. गळ्यातल्या धमनीजवळच्या इवल्या ग्रंथी ऑक्सिजन घटल्याची वर्दी देतात. त्यांचं हे काम उलगडण्यासाठी कॉर्नेल हायमन्स यांना १९३८चं नोबेल मिळालं. वरून हुकमांचा मारा सुरू होतो: मिनिटाला ३०, ३५. मेंदू जिवाच्या आकांताने श्वास मागतो आणि पटल जेमतेम थरथरतं. हा माणूस बेशुद्ध नाही. त्याला सगळं ऐकू येतंय, फक्त डोळे उघडता येत नाहीत.

७.०५
छाती हलायची थांबते. नाडी लागते आहे.

इथून थोडीच मिनिटं उरतात, पण ती उरतात. १९५२ साली कोपनहेगनमध्ये पोलिओने याच वाटेवरच्या, मज्जारज्जूतल्या पेशी मारल्या. तेव्हा वैद्यकीय विद्यार्थ्यांनी पाळ्या लावून रबरी पिशव्या हातांनी दाबल्या आणि कित्येक आठवडे रुग्णांना श्वास दिला. मण्यारीने नासलेली टोकं तर काही दिवसांत, काही आठवड्यांत पुन्हा उगवतात. तेवढा काळ दुसऱ्या कुणी श्वास घेऊन द्यायचा, मग माणूस घरी चालत येतो. व्हेंटिलेटर मिळेपर्यंत पिशवी चालते. पिशवी नसेल तर तोंडाने तोंडात फुंकलेली हवाही चालते.

जीपमध्ये चौघं आहेत. दवाखाना ९ किलोमीटरवर. मागच्या सीटवर त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसलेली आई चालकाला म्हणते, "जरा सावकाश घे बाबा, आत्ता कुठे डोळा लागलाय त्याचा."

त्याला ते ऐकू येतं.